विश्लेषण : दुभाषी, गुलाम की गद्दार? अ‍ॅझ्टेकांच्या इतिहासातील मालिंचे ५०० वर्षांनंतरही चर्चेत का?

‘ब्लॅक पँथर : वकांडा फॉरएव्हर’ हा २०२२ मधील चित्रपट ज्यांनी पाहिला, त्यांना समुद्राच्या तळाशी वसलेले तालोकान हे राज्य आठवत असेल. हे नाव अ‍ॅझ्टेक पुराणकथांमधील पर्जन्यदेव त्लालोक याच्या लोकावरून, म्हणजे त्लालोकानवरून घेतलेले आहे. या चित्रपटात तालोकानचा राजा नेमोर याच्या आईची भूमिका ग्वाटेमालातील माया समाजाच्या मारिया मर्सेडीस कोरॉय या अभिनेत्रीने केली. त्याआधी २०१८ मध्ये मेक्सिकोतील एका मालिकेत तिने एका खऱ्या स्त्रीची भूमिका केली होती. ती स्त्री म्हणजे मालिंचे. भारतात हे नाव फारसे परिचित नाही. मेक्सिकोत मात्र ते सर्वांच्या तोंडी असते आणि बहुतेकदा शिवी म्हणूनच.

स्पॅनिश सेनानी एर्नान कोर्तेस याची ही दुभाषी. तिने परक्यांना साथ दिली म्हणून अ‍ॅझ्टेक साम्राज्य बुडाले, असे मेक्सिकोत पिढ्यान्‌पिढ्या सांगितले गेले. ती प्रत्यक्षात कोण होती, तिच्यावर गद्दारीचा शिक्का कधी बसला आणि चित्रे, कादंबऱ्या, मालिकांमधून ती पुन:पुन्हा का अवतरते, याचा हा आढावा.

मालिंचे मूळची कुठली?

आजच्या मेक्सिकोच्या आखाती किनाऱ्यावर, कोआत्साकोआल्कोस नदीच्या परिसरात साधारण १५०० च्या सुमारास तिचा जन्म झाला. घराणे सरदाराचे आणि भाषा नावात्ल. अ‍ॅझ्टेकांचीही हीच भाषा. मात्र हा मुलूख अ‍ॅझ्टेक साम्राज्याच्या सीमेवरचा होता. तिचे जन्मनाव कोणत्याही समकालीन कागदात आढळत नाही.

कोर्तेसच्या फौजेतील शिपाई बेर्नाल दियास याने उतारवयात त्या मोहिमेची बखर लिहिली. त्यानुसार, मालिंचेचे वडील वारल्यावर आईने दुसरे लग्न केले. त्या संसारात मुलगा झाला. त्याच्या वारशाला अडचण नको म्हणून या मुलीला रातोरात परक्यांच्या हवाली करण्यात आले आणि गावात ती मेल्याची आवई उठवली गेली. पुढे ती शिकालांगो या व्यापारी पेठेतील लोकांकडून ताबास्को भागातील पोतोंचान येथील माया लोकांकडे गुलाम म्हणून पोहोचली. तिथे राबता राबता ती माया भाषा शिकली. या दोन भाषांनीच तिचे पुढचे आयुष्य ठरवले.

ती कोर्तेसची दुभाषी कशी झाली?

मार्च १५१९ मध्ये कोर्तेसच्या फौजेने पोतोंचानच्या माया लोकांचा पराभव केला. तह करताना हरलेल्यांनी जेत्यांना सोने आणि कापड दिले, सोबत २० स्त्रियाही दिल्या. त्यांतली ही एक. स्पॅनिशांनी या साऱ्याजणींचा बाप्तिस्मा केला आणि हिचे नाव मारिना ठेवले. कोर्तेसने तिला पुएर्तोकारेरो नावाच्या आपल्या सहकाऱ्याला देऊन टाकले. तिचे मत विचारण्याचा प्रश्नच नव्हता.

महिन्याभरात फौज आजच्या वेराक्रूझजवळ उतरली आणि अ‍ॅझ्टेक सम्राट मोक्तेसुमाचे दूत भेटीला आले. इथे पंचाईत झाली. कोर्तेसकडे हेरोनिमो दे आगिलार हा दुभाषी होता. १५११ मध्ये जहाज फुटल्याने तो माया मुलखात अडकला होता. त्यामुळे त्याला माया भाषा येत होती, पण नावात्लचा गंधही नव्हता. अशा वेळी मारिना त्या दूतांशी सहज बोलताना दिसली.

मग एक साखळी तयार झाली. कोर्तेस स्पॅनिशमध्ये बोलायचा, आगिलार ते मायामध्ये सांगायचा आणि मारिना ते नावात्लमध्ये पोहोचवायची. उत्तर त्याच वाटेने परत यायचे. पुएर्तोकारेरोला जुलैमध्ये स्पेनला धाडण्यात आले आणि मारिना कोर्तेसजवळच राहिली. पुढे ती स्पॅनिशही शिकली. मग आगिलारची मधली कडी गळून पडली.

मारिनाची मालिंचे कशी झाली?

नावात्ल भाषेत ‘र’ हा उच्चार नाही. त्यामुळे मारिनाचे मालिना झाले. त्याला आदरार्थी ‘त्सिन’ हा प्रत्यय लागला. आपण नावापुढे ‘जी’ लावतो, तसाच हा प्रकार. त्यातून मालिंत्सिन हे नाव बनले. स्पॅनिशांच्या कानांना ते मालिंचे असे ऐकू आले. म्हणजे आज जे नाव शिवीसारखे वापरले जाते, ते मुळात मानाचे होते. ती सतत कोर्तेसच्या शेजारी असल्याने स्थानिक लोक खुद्द कोर्तेसलाही मालिंचे म्हणू लागले होते, अशी नोंद बेर्नाल दियास करतो.

चोलुला आणि तेनोच्तित्लानमध्ये काय घडले?

अ‍ॅझ्टेक स्वत:ला मेशिका म्हणवत. मेक्सिको हे देशाचे नाव त्यावरूनच आले. सरोवरातील बेटावर वसलेली तेनोच्तित्लान ही त्यांची राजधानी. तिथे जाताना ऑक्टोबर १५१९ मध्ये कोर्तेसची फौज चोलुला शहरात थांबली. तिथल्या एका वृद्धेने मारिनाला विश्वासात घेऊन स्पॅनिशांवर हल्ल्याचा बेत सांगितला आणि मारिनाने तो कोर्तेसच्या कानावर घातला, असे स्पॅनिश बखरी सांगतात. त्यानंतर झालेल्या कत्तलीत तीन हजारांवर माणसे मारल्याचा दावा कोर्तेसनेच केला आहे. तिच्यावरच्या गद्दारीच्या आरोपाचा हा मुख्य आधार. मात्र असा कट खरोखर होता की कत्तलीचे समर्थन म्हणून तो नंतर रचला गेला, यावर इतिहासकारांत वाद आहे.

८ नोव्हेंबर १५१९ रोजी कोर्तेस आणि मोक्तेसुमा तेनोच्तित्लानच्या वेशीवर समोरासमोर आले. मोक्तेसुमाच्या चेहऱ्याकडे पाहणे त्याच्या प्रजेला निषिद्ध होते. त्याची पदवी त्लातोआनी, म्हणजे शब्दश: बोलणारा. अशा राजाशी परक्या सेनानीच्या वतीने काही महिन्यांपूर्वीपर्यंत गुलाम असलेली विशीतली मुलगी बोलत होती. पुढे सोळाव्या शतकातच स्थानिक चित्रकारांनी हे प्रसंग रंगवले. त्लाश्काला येथील कापडी चित्रमालिकेत ती अनेकदा मध्यभागी उभी दिसते. तिथे ती खलनायिका नाही, सत्ता हाती असलेली स्त्री आहे.

राजधानी पडल्यानंतर तिचे काय झाले?

जून १५२० मध्ये मोक्तेसुमाचा मृत्यू झाला. ३० जूनच्या रात्री स्पॅनिशांना प्रचंड हानी सोसून शहरातून पळावे लागले. त्या रात्री वाचलेल्यांमध्ये मारिना होती. त्यानंतर देवीची साथ आली. मोक्तेसुमाचा वारस क्वित्लावाक त्यातच गेला. अखेर १३ ऑगस्ट १५२१ रोजी तेनोच्तित्लान पडले आणि शेवटचा सम्राट क्वाउतेमोक पकडला गेला. वेढा घालणाऱ्या फौजेत स्पॅनिश मूठभरच होते. बाकी हजारो योद्धे त्लाश्काला आणि अ‍ॅझ्टेकांच्या खंडणीला कंटाळलेल्या इतर राज्यांचे होते.

१५२२ च्या सुमारास तिला कोर्तेसपासून मुलगा झाला, त्याचे नाव मार्तिन. कोर्तेसने तिच्याशी लग्न केले नाही. १५२४ मध्ये होंडुरासच्या मोहिमेवर निघताना तिचे लग्न हुआन हारामियो या स्पॅनिश अधिकाऱ्याशी लावून देण्यात आले. तिच्याच मुलखातील गावे तिला आंदण मिळाली. याच मोहिमेत तिची आई आणि सावत्र भाऊ तिच्यासमोर आले. सूड घेण्याची ताकद असूनही तिने त्यांना माफ केले, असे बेर्नाल दियास लिहितो. १५२५ मध्ये कोर्तेसने क्वाउतेमोकला फाशी दिली, तेव्हाही ती मोहिमेत होती.

हारामियोपासून तिला मारिया ही मुलगी झाली. कोर्तेस १५२८ मध्ये लहानग्या मार्तिनला स्पेनला घेऊन गेला. त्यानंतर माय-लेकरांची भेट झाली नाही. १५२९ च्या सुमारास, तिशीच्या आसपास, मालिंचेचे निधन झाले. दोन भाषांमधला कोर्तेसचा सारा व्यवहार तिने सांभाळला. पण कोर्तेसने स्पेनच्या राजाला लिहिलेल्या लांबलचक पत्रांत तिचा उल्लेख केवळ दोनदा येतो. तिने स्वत: लिहिलेला किंवा सांगितलेला एकही कागद आज उपलब्ध नाही.

मग ती गद्दार कधी ठरली?

मृत्यूनंतर जवळपास ३०० वर्षे तिला कुणी गद्दार म्हणत नव्हते. १८२१ मध्ये मेक्सिको स्पेनपासून स्वतंत्र झाला आणि चित्र पालटले. नव्या देशाला अभिमानाचा इतिहास हवा होता. अ‍ॅझ्टेक हे पूर्वज ठरले, स्पॅनिश शत्रू ठरले आणि पराभवाचे खापर फोडायला कुणी तरी घरभेदी हवा होता. १८२६ मध्ये फिलाडेल्फियात निनावी प्रसिद्ध झालेल्या ‘शिकोतेंकात्ल’ या स्पॅनिश कादंबरीत डोना मारिना कपटी स्त्री म्हणून रंगवली गेली. पुढे हीच प्रतिमा रुजली.

१९२६ मध्ये होसे क्लेमेंते ओरोस्को याने मेक्सिको सिटीतील सान इल्देफोन्सो महाविद्यालयाच्या भिंतीवर कोर्तेस आणि मालिंचे यांचे भित्तिचित्र काढले. दोघे विवस्त्र, हातात हात घेतलेले आणि पायाशी पालथा पडलेला एक स्थानिक माणूस. मेक्सिकोची आजची मिश्रवंशीय जनता याच जोडप्यातून जन्मली, असे ते चित्र सुचवते. १९५० मध्ये ऑक्टाव्हिओ पाझ यांनी आपल्या प्रसिद्ध निबंधसंग्रहात मेक्सिकन माणसाला मालिंचेचे मूल म्हणून पाहिले आणि आपल्याच आईची लाज वाटणारा समाज अशी मांडणी केली. नंतर भारतात मेक्सिकोचे राजदूत राहिलेले आणि १९९० चे साहित्याचे नोबेल मिळवणारे हेच ते पाझ.

बोलीभाषेत तर तिच्या नावाचे विशेषण झाले. स्वदेशी सोडून परदेशी माल, परदेशी माणूस किंवा परदेशी गाणे पसंत करणाऱ्याला तिथे मालिंचिस्ता म्हणतात. १९८२ मध्ये कोर्तेस, मालिंचे आणि मार्तिन यांचा पुतळा मेक्सिको सिटीच्या कोयोआकान भागात उभारला गेला. त्याला इतका विरोध झाला की तो तिथून हलवावा लागला.

लोककथेतील रडणाऱ्या बाईशी तिचा काय संबंध?

मेक्सिकोत ‘ला योरोना’ नावाची दंतकथा प्रसिद्ध आहे. आपल्या मुलांना बुडवून मारलेली एक बाई रात्री पाण्याकाठी रडत फिरते, अशी ही कथा. हॉलीवूडने २०१९ मध्ये त्यावर भयपट काढला. ‘कोको’ या २०१७ च्या अ‍ॅनिमेशनपटात याच नावाचे जुने लोकगीत आहे. या कथेचे एक मूळ अ‍ॅझ्टेक काळात सापडते. स्पॅनिश येण्याआधी दिसलेल्या अपशकुनांमध्ये रात्री आपल्या लेकरांसाठी आक्रोश करणाऱ्या एका स्त्रीचा समावेश होता, असे सोळाव्या शतकातील फ्लोरेन्टाइन हस्तलिखितात नोंदवलेले आहे. काळाच्या ओघात ही रडणारी बाई म्हणजे मालिंचेच, असे काही ठिकाणी सांगितले जाऊ लागले. आपल्या लोकांचा नाश केल्याचा तिला पश्चात्ताप होतो, असा त्याचा अर्थ लावला गेला. प्रत्यक्षात तिने मुलाला मारले नव्हते. तिचा मुलगा तिच्यापासून नेला गेला होता.

मात्र सारी लोकपरंपरा तिच्या विरोधात नाही. त्लाश्कालातील ४,४०० मीटरहून उंच ज्वालामुखी पर्वताला तिचेच नाव आहे. उत्तर मेक्सिको आणि अमेरिकेतील न्यू मेक्सिकोत होणाऱ्या मातचिनेस नृत्यात मालिंचे ही पांढऱ्या पोशाखातील निरागस लहान मुलगी असते.

आता तिच्याकडे कसे पाहिले जाते?

१९७० च्या दशकापासून स्त्रियांनी ही कथा नव्याने लिहायला घेतली. मेक्सिकोच्या रोसारिओ कास्तेयानोस यांनी आईने विकलेल्या मुलीच्या बाजूने कविता लिहिली. अमेरिकेतील मेक्सिकन वंशाच्या ग्लोरिया अनसाल्दुआ यांच्यासारख्या लेखिकांना दोन भाषांमध्ये अडकलेल्या मालिंचेत स्वत:चे प्रतिबिंब दिसले. २००६ मध्ये लॉरा एस्किवेल यांची कादंबरी आणि इतिहासकार कॅमिला टाउनसेंड यांचे चरित्र, दोन्ही आली. २०१८ आणि २०१९ मध्ये मालिका झाल्या. २०२२ मध्ये माद्रिदमध्ये तिच्यावर संगीतिका रंगमंचावर आली. त्याच वर्षी अमेरिकेतील डेन्व्हर कला संग्रहालयाने तिच्यावर मोठे प्रदर्शन भरवले.

नव्या मांडणीचा मुद्दा साधा आहे. १५१९ मध्ये मेक्सिको नावाचा देश नव्हता आणि स्थानिक म्हणून एकत्र असलेला एकच समाजही नव्हता. अ‍ॅझ्टेक हे तिचे लोक नव्हते. उलट तिच्यासारख्या मुलींचा जिथे व्यापार चाले, त्या व्यवस्थेचा ते भाग होते. फितुरी करायला आधी कुणाशी तरी इमान असावे लागते. तिला आईने दिले, व्यापाऱ्यांनी विकले आणि मालकांनी तहात देऊन टाकले. दुभाषी होणे हा तिच्यासमोरचा जवळपास एकमेव सुटकेचा मार्ग होता. अर्थात तिच्या शब्दांनी कोर्तेसचा विजय सोपा झाला, हेही नाकारता येत नाही.

पोतोंचानला तिच्यासोबत आणखी १९ स्त्रिया स्पॅनिशांच्या हाती दिल्या गेल्या होत्या. त्यांपैकी बहुतेकींची नावेही इतिहासात उरलेली नाहीत. त्यांना कुणी गद्दार म्हणत नाही, कारण त्यांना बोलण्याची संधीच मिळाली नाही. मालिंचेला ती मिळाली आणि तिने ती घेतली. तिच्यावरचा वाद आजही सुरू आहे तो त्यामुळेच.