भास्कराचार्य आणि ग्रहणे

भास्कराचार्यांचा जन्म इ. स. १११४ मध्ये सह्याद्रीच्या परिसरात झाला. पिता महेश्वर हेच त्यांचे गुरू. वयाच्या ३६ व्या वर्षी त्यांनी ‘सिद्धान्तशिरोमणी’ हा ग्रंथ रचला.

राहू सूर्यचंद्रांना ग्रासतो, असा लोकांचा समज होता. चंद्रग्रहण पृथ्वीच्या छायेने व सूर्यग्रहण चंद्र आड आल्याने घडते, हे आर्यभटाने पूर्वीच सांगितले होते. भास्कराचार्यांनी त्याची खूण आकाशातच दाखविली. अर्ध्या ग्रासलेल्या चंद्राची टोके बोथट दिसतात, सूर्याची मात्र तीक्ष्ण. म्हणजे चंद्राला झाकणारी वस्तू फार मोठी, सूर्याला झाकणारी लहान. मग दोहोंना ग्रासणारा एकच राहू कसा असेल? तथापि पुराणांचा मान राखून, राहू त्या छायेत शिरतो, असेही त्यांनी म्हटले.

पुढे त्यांचा नातू चांगदेव याने चाळीसगावजवळील पाटण येथे त्यांचे ग्रंथ शिकविण्यासाठी मठ स्थापिला.