औदुंबर आणि मी

दसऱ्याच्या आदल्या रात्री मार्केट यार्डातल्या फूलबाजारात झेंडूचे ढीग पडले, की मला हटकून आचार्य अत्रे आठवतात. ‘झेंडूची फुले’ हा त्यांचा विडंबनकवितांचा संग्रह १९२५ सालचा. पण माझे त्यांच्याशी नाते जडले ते एका चित्रपटामुळे.

वडिलांचा यार्डात आडतीचा गाळा होता. पुरंदरची अंजिरे, सीताफळे आमच्याकडे येत. विशीत मी एका व्याख्यात्याच्या नादी लागलो. पहाटे गार पाण्याने आंघोळ, जोरबैठका आणि आजन्म ब्रह्मचर्याची शपथ! आईने पाहिलेले चांगले स्थळ मी ताडकन नाकारले. आई रडली. वडील काहीच बोलले नाहीत. गणपतीत यार्डातल्या हमालांसाठी पडदा बांधून सिनेमा दाखवायचे ठरले, तेव्हा त्यांनी वर्गणी दिली आणि चित्रपट मात्र स्वतः निवडला. १९३८ सालचा ‘ब्रह्मचारी’.

कोल्हापूरच्या हंस पिक्चर्सचा हा बोलपट अत्र्यांनी लिहिला. मास्टर विनायकांनी तो दिग्दर्शित केला आणि औदुंबरही तेच झाले. भाषण ऐकून पेटलेला औदुंबर जमवलेली नटनट्यांची चित्रे टाकून देतो, ब्रह्मचर्याचा वसा घेतो आणि किशोरी समोर येताच त्याच्या व्रताची त्रेधा उडते. किशोरीच्या भूमिकेत मीनाक्षी शिरोडकर पोहण्याच्या पोशाखात दिसल्या, त्यावर त्या काळी मोठे काहूर उठले होते. हमाल पोट धरधरून हसत होते. मी एकटाच कानकोंडा होऊन बसलो होतो. मग केव्हातरी मलाही हसू फुटले.

हे हसू देणारा माणूस मूळचा शिक्षक. जन्म १३ ऑगस्ट १८९८ चा, सासवडजवळच्या कोडीत गावचा. अत्रे पुण्याच्या कॅम्पातल्या शाळेचे मुख्याध्यापक झाले, लंडनला जाऊन अध्यापनाची पदविकाही घेऊन आले. सूर्यनमस्काराच्या वेडावर त्यांनी १९३३ मध्ये ‘साष्टांग नमस्कार’ हे नाटक लिहिले, तर १९३९ मध्ये ‘ब्रँडीची बाटली’ हा चित्रपट. पण टिंगल करणाऱ्या या माणसाला नमस्कार कुठे करायचा, हेही पक्के ठाऊक होते. पुण्याच्या नगरपालिकेत असताना रे मार्केटला महात्मा फुल्यांचे नाव मिळाले ते त्यांच्याच पुढाकाराने. त्यांच्या ‘श्यामची आई’ या १९५३ च्या चित्रपटाला पहिले राष्ट्रपती सुवर्णपदक मिळाले. पुढे १९५६ मध्ये ‘मराठा’ काढून त्यांनी संयुक्त महाराष्ट्रासाठी रान उठवले. १३ जून १९६९ रोजी ते गेले.

‘ब्रह्मचारी’ अजून का हसवतो? मला वाटते, अत्रे व्यायामाला हसत नाहीत, की निग्रहालाही नाही. उसन्या व्रताचा जो डौल आपण मिरवतो, त्याला ते हसतात. औदुंबर वाईट नाही, भाबडा आहे. म्हणून त्याला हसताना आपण कधी स्वतःलाच हसू लागतो, ते कळतही नाही. असे औदुंबर प्रत्येक पिढीत निघतात. फक्त व्याख्याते बदलतात.

त्या रात्री घरी गेल्यावर मी आईला होकार दिला. ते स्थळ तोवर हातचे गेले होते. वर्षभराने दुसरे जमले, संसार सुखाचा झाला. जोरबैठका मी आजही काढतो. वडिलांनी मात्र त्या सिनेमाचा विषय पुन्हा कधी काढला नाही.