मेंदूचा नकाशा रेखाटणारा शल्यविशारद

वाइल्डर पेनफील्ड यांचा जन्म १८९१ साली अमेरिकेतील स्पोकेन येथे झाला. १९२८ मध्ये त्यांनी कॅनडातील माँट्रियल ही आपली कर्मभूमी केली. त्याच वर्षी सख्ख्या बहिणीच्या मेंदूतील गाठ काढण्याचा कठीण प्रसंग त्यांच्यावर आला. गाठ पूर्णपणे निघू शकली नाही आणि काही वर्षांतच बहिणीचे निधन झाले. या दुःखाने ते खचले नाहीत. मेंदूच्या अभ्यासासाठी व उपचारांसाठी १९३४ मध्ये त्यांनी माँट्रियल येथे स्वतंत्र संस्था उभारली.

मेंदूला स्वतःला वेदना जाणवत नाही. म्हणून अपस्माराच्या रुग्णाच्या डोक्याची त्वचा बधिर करून, त्याला जागे ठेवूनच ते शस्त्रक्रिया करीत. मेंदूच्या एकेका भागाला ते सौम्य विद्युत्स्पर्श करीत आणि शरीरात कोठे झिणझिण्या आल्या, हे रुग्ण सांगे. या नोंदींवरून त्यांनी व एडविन बोल्ड्री यांनी तयार केलेला नकाशा १९३७ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यात विस्तीर्ण पाठीच्या वाट्याला थोडी, तर ओठांच्या व बोटांच्या वाट्याला बरीच जागा आली होती. जेथे स्पर्शज्ञान सूक्ष्म, तेथे मेंदूतील क्षेत्र मोठे, हे त्यातून स्पष्ट झाले. रोगट भाग काढताना कोणता भाग जपावा, हेही शल्यविशारदांना उमगू लागले.

१९७६ मध्ये पेनफील्ड यांचे निधन झाले. बहिणीला ते वाचवू शकले नाहीत. परंतु त्यांच्या कार्यामुळे असंख्य रुग्णांची वाट सुकर झाली.