सोंगाड्याचे ऋण

गुढीपाडव्याच्या सुमारास नारायणगावात तमाशा फडांच्या राहुट्या लागतात आणि गावोगावचे पंच तेथे येऊन यात्रेची सुपारी देतात. जुन्नर-आंबेगावच्या शेतकऱ्याला वगाची कथा बहुधा पाठच असते; तरीही तो पहाटेपर्यंत बसून राहतो, तो सोंगाड्यासाठी. राजाला शहाणपण शिकविण्याची आणि पाटलाला चिमटा काढण्याची मुभा त्या रात्री त्या एकट्यालाच असते. हा सोंगाड्या शहरातील चित्रपटगृहात मानाने नेऊन बसविला तो दादा कोंडके यांनी.

कृष्णा कोंडके यांचा जन्म ८ ऑगस्ट १९३२ रोजी मुंबईत नायगावच्या चाळीत, एका गिरणी कामगाराच्या घरी झाला. मूळ गाव भोरजवळचे इंगवली. सेवादलाच्या कलापथकात त्यांचा विनोद घडला. १९६५ मध्ये वसंत सबनीस यांचे ‘विच्छा माझी पुरी करा’ हे लोकनाट्य रंगभूमीवर आले आणि त्याचे दीड हजारांवर प्रयोग झाले. कनातीत पाऊल न टाकणारा पांढरपेशा वर्ग तमाशाच्याच विनोदाला तिकीट काढून हसू लागला.

भालजी पेंढारकरांच्या ‘तांबडी माती’तून पडद्यावर आलेल्या दादांनी १९७१ मध्ये ‘सोंगाड्या’ काढला. भोळा नाम्या तमाशाच्या नादी लागतो आणि आई त्याला घराबाहेर काढते, हे त्याचे सूत्र. तमाशा आणि घरंदाजपणा यांच्यातील जुने वैर येथे थट्टेचा विषय झाले आणि तेच पाहण्यास कुटुंबेच्या कुटुंबे लोटली. ‘एकटा जीव सदाशिव’, ‘पांडू हवालदार’, ‘राम राम गंगाराम’ अशा एकूण नऊ चित्रपटांनी रौप्यमहोत्सव साजरे केले आणि या विक्रमाची नोंद गिनीज बुकात झाली.

पुढे द्व्यर्थी संवादांचे प्रमाण वाढले. सेन्सॉरशी खटके उडाले. सहकुटुंब करमणुकीची सीमा आपण ओलांडतो आहोत याचे भान उत्तरकाळात त्यांना राहिले नाही, हा आक्षेप निराधार म्हणता येणार नाही. तथापि खेड्यातल्या भोळ्या माणसाला नायकपद मिळाले ते त्यांच्यामुळेच, हेही तितकेच खरे. १४ मार्च १९९८ रोजी त्यांचे निधन झाले.

या यशाला एक आर्थिक बाजू आहे. फडाचा विनोद एका रात्रीत एकाच गावाला विकला जातो आणि पावसाळ्यात तर कनात गुंडाळूनच ठेवावी लागते. चित्रफितीवर उतरलेला तोच विनोद मात्र एकाच दिवशी अनेक गावांत, वर्षानुवर्षे पैसा देतो. दादांच्या कर्तृत्वाला यामुळे उणेपणा येत नाही. परंतु ज्या भांडवलावर हा व्यवहार उभा राहिला, ते फडांनी पिढ्यान्‌पिढ्या साठविलेले होते. त्याच नारायणगावच्या विठाबाई राष्ट्रपतिपदकाच्या मानकरी होत्या. जानेवारी २००२ मध्ये त्या गेल्या, तेव्हा अखेरच्या आजारपणाचा खर्च भागविण्यास लोकांच्या देणग्यांचा आधार घ्यावा लागला. सोंगाड्यावर पोट धरून हसलेल्या महाराष्ट्राने हे ऋण अद्याप पुरते फेडलेले नाही.