जंजिऱ्याच्या नाझली बेगम

मुसलमानी संस्थान म्हटले की आम्हा नांदेड-लातूरकडच्या बायकांना हैदराबादच आठवते. १९४८ पर्यंत आमची माहेरे-सासरे निजामाच्याच राज्यात होती. पण कोकणच्या किनाऱ्यावर जंजिरा हे सिद्द्यांचे चिमुकले संस्थान होते. गादी नवाबाची, रयत बहुतेक मराठी बोलणारी आणि वर देखरेख इंग्रजांची. तेथील नाझली बेगमसाहेबांची हकीकत मला भगिनींना सांगावीशी वाटते.

त्यांचा जन्म १८७४ साली इस्तंबूलला झाला. मुंबईचे सुधारक तय्यबजी घराणे हे त्यांचे आजोळ. १८८६ साली, कोवळ्या वयात, नवाब सिदी अहमदखान यांच्याशी त्यांचा विवाह झाला. १९०८ साली पती आणि धाकटी बहीण अतिया यांच्यासह त्यांनी युरोप पाहिला व त्या प्रवासाचे पुस्तक उर्दूत लिहिले.

एवढी विद्या असूनही पोटी मूल नाही, हेच मोठे ठरले. नवाबांनी दुसरा विवाह केला आणि १९१३ साली नाझलीबाईंना तलाक मिळाला. १९१४ साली वारस जन्मला. १९२२ साली नवाब वारले, तेव्हा तो आठ वर्षांचा होता. त्याची आई कुलसुम बेगम यांनी १९३३ पर्यंत त्याच्या वतीने कारभार पाहिला.

पुढे पंधराच वर्षांत, १९४८ साली, संस्थान विलीन झाले. नाझलीबाई १९६८ साली कराचीत वारल्या. ज्या गादीसाठी त्यांना दूर केले, ती त्यांच्या डोळ्यांदेखत गेली. त्यांचे पुस्तक मात्र मागे राहिले. मूल नाही म्हणून सुनेला बोल लावणाऱ्या घरांत ही हकीकत जरूर सांगावी, असे मला वाटते.