दादासाहेब फाळके : चित्रकाराचा चित्रपट

तंजावरचे शहाजीराजे भोसले (कारकीर्द १६८४–१७१२) यांनी ‘पंचभाषाविलास’ या नाटकात संस्कृत, तेलुगू, तमिळ, मराठी व हिंदी या भाषा एकाच रंगमंचावर आणल्या. भिन्नभाषी प्रेक्षकांसमोर एकच कथा मांडण्याचा प्रश्न दोन शतकांनी धुंडिराज गोविंद फाळके यांच्यासमोरही होता. त्यांनी तो चित्राच्या आधारे सोडविला.

फाळके यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वर येथे, संस्कृत पंडिताच्या घरी झाला. मुंबईचे जे. जे. कलाविद्यालय व बडोद्याचे कलाभवन येथे त्यांचे शिक्षण झाले. छायाचित्रण, नाटकांचे पडदे रंगविणे, शिळामुद्रण व जादूचे प्रयोग हे त्यांचे नानाविध व्यवसाय पुढे चित्रपटात एकवटले. आयुर्विम्याची पॉलिसी गहाण ठेवून ते १९१२ मध्ये लंडनला गेले व यंत्रसामग्री घेऊन परतले. कुंडीत रुजणाऱ्या अंकुराची वाढ एकेक चौकट टिपून त्यांनी पडद्यावर दाखविली. स्थिर चित्रांतून गती निर्माण करणारे हेच तत्त्व चलच्चित्रकलेच्या मुळाशी आहे.

‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन चित्रपटगृहात प्रदर्शित झाला. त्याचे देखावे व वेशभूषा फाळके यांनी स्वतः सिद्ध केली होती, तर फिल्मला छिद्रे पाडण्यापासून ती धुण्यापर्यंतची कामे पत्नी सरस्वतीबाई करीत. महायुद्धामुळे साधनांची टंचाई असताना, १९१५ मध्ये, त्यांनी काड्यांना सजीवत्व देणारा ‘आगकाड्यांची मौज’ हा लघुपट केला. ‘लंकादहन’ (१९१७) व ‘कालियामर्दन’ (१९१९) यांतील चमत्कारदृश्यांमागेही हीच चित्रकाराची दृष्टी होती. पौराणिक कथा सर्वपरिचित असल्याने पाट्यांची भाषा बदलली तरी चित्र तेच राहू शके. फाळके यांच्यापासून स्फूर्ती घेऊनच आर. नटराज मुदलियार यांनी मद्रासेत ‘कीचकवधम्’ निर्माण केला.

१९३१ मध्ये बोलपट आला आणि हा पाया ढासळला. तंजावरनजीकच्या तिरुवैयारूच्या टी. पी. राजलक्ष्मी याच वर्षी ‘कालिदास’मधून तमिळ पडद्यावर बोलू लागल्या, प्रेक्षक भाषेनुसार विभागला गेला. फाळके यांच्या ‘सेतुबंधन’ (१९३२) या मूकपटाला मागाहून ध्वनीची जोड द्यावी लागली. ‘गंगावतरण’ (१९३७) हा त्यांचा एकमेव बोलपट व अखेरची कृती होय. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिक येथे, जवळजवळ विस्मृत अवस्थेत, त्यांचे निधन झाले. त्यांच्या नावाचा राष्ट्रीय पुरस्कार १९६९ पासून दिला जातो. तो भारतातील कोणत्याही भाषेच्या चित्रपटसेवेसाठी खुला आहे, ही बाब त्यांच्या कार्याला साजेशीच म्हटली पाहिजे.