पु. ल. आणि सुनीताबाई

म्हशाच्या जत्रेत तंबूतला सिनेमा पाहिलेल्या भगिनींना नायक आठवतो. कथा कोणी लिहिली, हे कोणी विचारीत नाही. पु. ल. देशपांडे यांनी १९५३ साली ‘गुळाचा गणपती’त कथा, पटकथा, संवाद, संगीत, दिग्दर्शन व नायकाची भूमिका, एवढे सारे स्वतः केले. आणि त्यानंतर चित्रपटाकडे पाठच फिरविली!

१९५५ साली ते आकाशवाणीत गेले. नोकरीत असतानाच १९५७ साली ‘तुझे आहे तुजपाशी’ रंगभूमीवर आले. १९५९ साली दिल्लीस दूरचित्रवाणी सुरू झाली. तिच्या आरंभकाळात पंडित नेहरूंची मुलाखत पु. लं.नी घेतली. पुढे नोकरी सोडून १९६१ पासून ‘बटाट्याची चाळ’चे प्रयोग. रंगमंचावर माणूस एकच, पण बिऱ्हाडे चाळभर!

या प्रयोगांची सारी व्यवस्था सुनीताबाई पाहत. हिशेबात त्या फार काटेकोर, म्हणून काहींना कठोर वाटत. आम्हांस मात्र वाटते, संसार करणारीला हे कळेल. त्याच काटकसरीच्या पैशांतून १९६५ साली प्रतिष्ठान निघाले आणि अनेक सामाजिक संस्थांना देणग्या गेल्या.

दोघांचा नोंदणी-विवाह १२ जून १९४६ रोजी रत्नागिरीस झाला होता. १२ जून २००० रोजीच पु. ल. पुण्यात निवर्तले.